कागदी यंत्रातला गुणाकार

मी गेली बावीस वर्षं अंबाजोगाईच्या एका कॉलेजात तासिका तत्त्वावर संगणक शिकवतो. म्हणजे दर जुलैत मी नव्यानं लागतो आणि दर एप्रिलात सुटतो. मधले महिने लोक मला सर म्हणतात. घाटनांदूरला आमचं किराणा दुकान आहे, ते धाकटा भाऊ बघतो. सकाळी अंघोळ आणि लिंगपूजा आटोपून, कपाळाला भस्म लावून तो गल्ल्यावर बसतो, आणि मी पिशवीत डबा टाकून जीपची वाट बघत उभा राहतो. "काय सर, लागलाव का औंदा?" असं तो दर वर्षी विचारतो. चेष्टेनंच विचारतो, पण पहिल्यासारखं हसू आता मला येत नाही.

माझा विषय असा की तो कुणाला सांगायची सोय नाही. लग्नकार्यात कुणी विचारलं तर मी नुसतं "कॉम्प्युटर" म्हणतो, आणि समोरचा लगेच खिशातून मोबाइल काढून त्याचं काय बिघडलंय ते दाखवायला लागतो. मी मोबाइलही शिकवत नाही आणि टायपिंगही नाही. एकीकडे यंत्र बांधणारे असतात, दुसरीकडे त्या यंत्रासाठी प्रोग्राम लिहिणारे असतात, आणि या दोघांच्या मधे एक गोष्ट असते, ती मी शिकवतो. ती हातात धरता येत नाही. ती एक यादी असते. या यंत्राला अमुक इतक्या आज्ञा समजतात आणि प्रत्येक आज्ञेनं अमुकच होईल, एवढंच त्या यादीत लिहिलेलं असतं. आत तारा कशा फिरवल्या ते प्रोग्राम लिहिणाऱ्यानं विचारायचं नाही. बाहेर काय लिहिलं जाणार ते बांधणाऱ्यानं विचारायचं नाही. दोघांनी एकमेकांचं तोंड पाहिलेलं नसतं, आणि तरी काम चालतं, कारण दोघांनीही यादीवर भरवसा ठेवलेला असतो.

मुलांना मी आमच्या दुकानाचं उदाहरण देतो. गिऱ्हाईक बाहेर उभं राहून पावशेर गूळ मागतं. गूळ आत कुठल्या डब्यात आहे, भावानं काल मांडणी बदलली का, याच्याशी त्याला काय करायचंय? पाटीवर गूळ लिहिलाय ना, मग गूळ मिळाला पाहिजे. यादीत जे लिहिलं ते आत असायलाच हवं. हे वाक्य मी बावीस वर्षं दर वर्षी म्हणत आलो. इतक्या वेळा म्हणालो की म्हणताना त्याकडं माझं लक्ष राहिलं नाही.

आमच्या प्रयोगशाळेत बारा किट होते. किट म्हणजे एक हिरवी पट्टी, तिच्यावर ८०८५ नावाचा जुना प्रोसेसर, खाली आकडे दाबायची बटणं आणि वर लाल आकडे दाखवणारी लहानशी खिडकी. सोबत एक छापील तक्ता. त्या प्रोसेसरला समजणाऱ्या सगळ्या आज्ञा आणि प्रत्येकीचा आकडा त्यात असतो. तक्त्यात बघायचं, आकडा दाबायचा. मी लागलो तेव्हा बाराच्या बारा किट चालायचे. मग काहींची बटणं बसली, काहींचे लाल आकडे विझले, आणि विजेच्या येण्याजाण्यात आणखी काहींचे पॉवर सप्लाय जळले. दुरुस्तीचे अर्ज मी इतके दिले की कार्यालयातला बाबू मला बघूनच "आलं नाही अजून" म्हणायचा.

म्हणून मी कागदी यंत्र काढलं. यंत्र म्हणजे माझीच वर्गातली मुलं. पहिल्या बाकावर एकाला पाटी देऊन बसवायचं, तो हातचा. त्या वेळी यंत्राच्या हातात जी संख्या असेल ती त्याच्या पाटीवर. मागच्या बाकांवर बसलेले कप्पे, प्रत्येकाकडे एक चिठ्ठी. एक जण उभा राहून आज्ञा वाचणार. आज्ञा सहाच. आण, ठेव, मिळव, वजा कर, उडी मार, थांब. "तिसऱ्या कप्प्यातलं आण" म्हटलं की तिसऱ्याची चिठ्ठी पुढं यायची, हातचा ती संख्या पाटीवर लिहायचा. "चौथ्यातलं मिळव" म्हटलं की बेरीज करायचा. पोरांना मजा यायची. खेड्यापाड्यातली, घरी संगणक नसलेली पोरं, पण यंत्राच्या पोटात बसून आल्यासारखी बोलायची. त्या दिवसांत मला माझा अभिमान होता, हे खोटं कशाला सांगू.

फळ्यावरच्या सहा आज्ञांना मी एक तक्ता जोडून दिला. डावीकडं माझी आज्ञा, उजवीकडं त्या जागी ८०८५ वर काय वापरायचं ते. मुलं तो तक्ता जर्नलमध्ये उतरवून घेत आणि मी खाली सही करी.

सातवी आज्ञा नंतर आली. फार पूर्वीचं नाही, अकरा एक वर्षं झाली असतील. एप्रिलची दुपार होती, पंखा बंद होता. गुणाकार चालला होता. ८०८५ ला गुणाकार येत नाही. तो बेरजेनं करवून घ्यावा लागतो, शून्यापासून सुरुवात करून एक संख्या पुन्हा पुन्हा मिळवत जायची आणि दुसरीतून दर वेळी एक वजा करत जायचं, ती शून्य झाली की थांबायचं. मी चार वेळा समजावलं. चौथ्या वेळी पण हातच्याची आणि कप्प्यांची अशी गल्लत झाली की पोरं हसायला लागली. पाचव्यांदा समजावण्याइतकं माझ्यात काही उरलं नव्हतं. मी फळ्याकडं वळलो आणि सहाच्या खाली सातवी आज्ञा लिहिली. गुण. उजवीकडं मोठ्या प्रोसेसरला असते तशी मल्टिप्लाय लिहून टाकली. मोठ्यांना असते ना, मग अगदीच खोटं नाही, असं मनाला सांगितलं. पुढच्या वर्षी ती पुसायची राहिली. त्याच्या पुढच्या वर्षी मला ती पुसायची होती हेसुद्धा आठवलं नाही.

आणि चूक उघडी पडली नाही, याचं कारण आमचं यंत्र माणसाचं होतं. वाचणाऱ्यानं "गुण" म्हटलं की हातचा झालेलं पोरगं पाढा म्हणून पाटीवर उत्तर लिहायचं. यंत्र कुठं अडायचंच नाही. खऱ्या पट्टीवर ते कुणी दाबून पाहत नव्हतं, कारण बहुतेक पट्ट्या बंद, आणि चालणाऱ्या चार-पाच सगळ्या वर्गाला पुरत नसत. परीक्षेला येणारे एक्स्टर्नल, म्हणजे बाहेरचे परीक्षक, जुन्या ओळखीचे असत. कागदावर लिहिलेला प्रोग्राम बघायचा, दोन प्रश्न विचारायचे, चहा घ्यायचा, निघायचं.

ती बाई माझ्या वर्गात आली तेव्हा एकोणतीस वर्षांची होती. बाकी सगळी एकोणीस-वीसची, तिला ताई म्हणायची. बारावी झाल्यावर लग्न झालेलं, पाच वर्षांची मुलगी, आणि घर धारूरच्या घाटाखाली एका वस्तीवर. घरचा धंदा मेंढरांचा. नवरा दिवाळीनंतर कळप घेऊन निघायचा तो पाऊस लागेपर्यंत परत यायचा नाही. दीर त्याच्या जोडीला असायचा. सासू घरी राहून नातीला सांभाळायची, म्हणून हिला शिकायला मिळालं. पण दिराला पुण्याकडं ड्रायव्हरचं काम लागलं. कळपामागं दुसरं माणूस हवं. सासूनं सांगून टाकलं होतं की तीन वर्षं दिली, आता डिग्री घेऊन ये, नाहीतर दिवाळीपासून नवऱ्यासोबत मेंढरामागं जा. हे तिनं मला स्वतः सांगितलं होतं, जर्नलवर सही घेताना, तक्रार म्हणून नाही. बाकीचे सगळे विषय निघाले होते. राहिला होता माझा.

पाठ्यपुस्तकी मराठी ती सावकाश, शब्द निवडून बोलायची. पण तिशीपर्यंतचे पाढे तोंडपाठ. त्यामुळं वर्गानं तिला कायमचा हातचा करून टाकलं. "सतरा आणि तेवीस, गुण" असं कुणी म्हटलं की खडू आधी फिरायचा आणि वाचणारा नंतर श्वास घ्यायचा. मी कौतुकानं बघत बसायचो. सतरा गुणिले तेवीस करणारं हे यंत्र कुठल्या कारखान्यात निघतं, असा प्रश्न मला पडायला हवा होता. तो माझा विषय होता. मी घड्याळ बघत होतो, जीप चुकू नये म्हणून.

त्या वर्षी एक्स्टर्नल नवीन आले. माझ्यापेक्षा वीस वर्षांनी लहान, बाहेरच्या जिल्ह्यातले, स्वतःची गाडी चालवत आलेले. आल्या आल्या त्यांनी विचारलं, "किट किती चालू आहेत?"

"पाच," मी म्हणालो. खरं म्हणजे साडेचार होते. एकाचे निम्मे आकडे दिसत नव्हते.

"मग पाच-पाचच्या तुकड्या करू. कागदावर लिहायचं आणि किटवर चालवून दाखवायचं. चालला तर गुण."

त्यात वावगं काही नव्हतं. परीक्षा अशीच असायला हवी, हे मलाही कळत होतं. तेव्हा सातव्या आज्ञेची आठवणसुद्धा मला झालेली नव्हती. पोरांनी बटणं फारशी दाबलेली नाहीत, एवढीच भीती होती.

चिठ्ठ्या उचलल्या. कुणाला बेरीज आली, कुणाला सगळ्यात मोठी संख्या शोधायची आली. तिला आलं, दोन संख्यांचा गुणाकार. चिठ्ठी वाचून तिनं माझ्याकडं बघून हलकंसं हसल्यासारखं केलं. सोपं आलं, असं. आणि त्या हसण्यासरशी मला सगळं आठवलं. उन्हात चालताना एकदम डोळ्यापुढं अंधारी यावी तसं झालं. मी जागच्या जागी उभा राहिलो.

तिनं कागदावर चार ओळींत प्रोग्राम लिहिला. मग किटपाशी बसली, छापील तक्ता उघडला आणि मल्टिप्लायचा आकडा शोधायला लागली. तिचं बोट पहिल्या रकान्यावरून खाली गेलं. दुसऱ्या, तिसऱ्या. मग पुन्हा वरून. मी प्रयोगशाळेच्या दुसऱ्या टोकाला होतो, पण मला ते बोटच दिसत होतं. तिसऱ्यांदा ते आणखी सावकाश खाली उतरलं. जे तिथं नाही ते ती शोधत होती, आणि ते तिथं नाही हे त्या खोलीत फक्त मला माहीत होतं.

मग तिनं जर्नल उघडलं. माझा तक्ता आणि माझी सही असलेलं पान. ते तिनं वाचलं, छापील तक्त्याकडं पाहिलं, आणि मान वर करून माझ्याकडं पाहिलं. राग नव्हता तिच्या नजरेत. नुसतं कळलं होतं तिला. मी नजर खिडकीकडं नेली.

एक्स्टर्नल तिच्यापाशी आले तेव्हा लाल आकडे शून्यच दाखवत होते. त्यांनी कागद उचलून वाचला.

"मल्टिप्लाय? या प्रोसेसरला ही आज्ञा आहे का?"

"नाही सर."

"मग कुणी शिकवली तुम्हाला?"

"कुणी नाही सर. माझी चूक आहे. सरांनी बेरजेनं करायला शिकवलं होतं. मी विसरले."

"जर्नल बघू."

त्यांनी जर्नल चाळलं. आज्ञांचा तक्ता जिथं हवा तिथं तो नव्हता. पानाची आतली कड तेवढी शिवणीला लागून राहिली होती. "हे पान कुठंय?" त्यांनी विचारलं. "लहान मुलगी आहे घरी सर, तिनं फाडलं," ती म्हणाली. तिची डावी मूठ पदराखाली होती.

एक्स्टर्नल माझ्याकडं वळले. "काय सर? बेरजेनं करायला शिकवलं होतं ना?"

मी मान हलवली. गप्प बसलो असतो तरी एक वेळ ठीक होतं. मी मान हलवली, आणि ती होकाराची होती. पुढच्या जुलैचं पत्र, भावाचं "लागलाव का औंदा", बावन्नाव्या वर्षी दुसरीकडं कोण उभं करणार, हे सगळं त्या एका हलवण्यात होतं. भ्यालो मी. दुसरा शब्द नाही त्याला.

परीक्षा संपली. मुलं गेली. एक्स्टर्नल टेबलाशी बसून कॉलेजच्या संगणकावर गुण भरत होते. शिपाई चहा ठेवून गेला. मी समोर बसलो होतो आणि तोंड उघडायची हिंमत गोळा करत होतो. बशीतला चहा संपेपर्यंत ती झाली नाही. त्यांनी पेन खिशाला लावलं तेव्हा मी म्हणालो, "सर, त्या गुणाकारवाल्या बाईंची चूक नव्हती. ती आज्ञा मी लिहून दिली होती. माझ्या सहीनं."

ते चिडले नाहीत. चिडले असते तर मला बरं वाटलं असतं. "सर, आता सांगताय? आत्ताच सबमिट केलं," ते म्हणाले आणि पडदा माझ्याकडं फिरवला. नावांपुढं गुण होते, तिच्या नावापुढं नापास, आणि वर कुलपाचं चिन्ह. "एकदा लॉक झालं की मलाही उघडता येत नाही. लेखी दिलंत तरी हे गुण बदलायचे नाहीत, तुमच्यामागं चौकशी तेवढी लागेल." मग म्हणाले, "त्या समोर होत्या तेव्हा बोलायचं ना." त्यांना घाट उतरून दूर जायचं होतं. ते गेले. मी लेखी दिलं नाही.

व्हरांड्यात ती थांबली होती, जर्नल परत घ्यायला. मी काहीतरी बोलायला गेलो, तर तीच आधी म्हणाली, आणि तिच्या घरच्या बोलीत म्हणाली, "सर, बेरजेनं गुनाकार कसा करतेत, तेवडं दावता का? मी त्या सायबाला सांगून बसले तुमी शिकवलंय म्हनून."

मी जर्नलच्या मागच्या पुठ्ठ्यावर लिहून दाखवलं. शून्यापासून सुरुवात. ही मिळवत जायची. दुसरीतून दर वेळी एक वजा करत जायचं. शून्य झालं की बाहेर. दोन मिनिटं लागली असतील. तिनं एकदाच वाचलं, बोटानं एक फेरी मारली आणि म्हणाली, "एवडंच व्हतं का सर?"

एवढंच होतं. अकरा वर्षं मी जे शिकवायचं टाळलं ते तिला दोन मिनिटांत आलं. तिला म्हणजे कुणालाही आलं असतं. पोरं मठ्ठ नव्हती, मी दमलो होतो, आणि माझं दमणं मी त्यांच्या डोक्यावर लिहीत आलो होतो. तिच्याशी मी "माफ कर" असं काहीतरी पुटपुटलो. "जाऊ द्या सर," ती म्हणाली, "तुमचे तास गेले अस्ते." आणि एसटी धरायला निघून गेली.

आठवडाभर मला जेवण गोड लागलं नाही. भावानं विचारलं, बरं नाही का. मी ऊन म्हणालो. पुढची परीक्षा दिवाळीनंतर होती, आणि दिवाळीनंतर ती कळपामागं कुठल्या जिल्ह्यात असेल याचा नेम नव्हता. गुण मला बदलता येत नव्हते. पण तिच्या सासूला खरं काय ते माहीत नव्हतं, आणि सगळं तर त्या बाईच्या एका शब्दावर होतं. रविवारी मी धारूरला गेलो, तिथून जीपनं घाटाखाली उतरलो आणि विचारत विचारत वस्तीवर पोचलो.

सासू साठीच्या पुढची. दारातल्या बाभळीखाली बसून लोकर विंचरत होती. नात तिच्या पाठीला रेलून बसलेली. मला बघून सून आतून बाहेर आली आणि मी कशाला आलोय ते तिला बहुतेक लगेच कळलं, कारण ती म्हणाली, "सर, च्या घ्या आन निगा बगा. ऊन लई हाय."

मी म्हातारीसमोर बसलो. सांगायला सोपं नव्हतं. यंत्र, आज्ञा, यादी, तिला कुठून सुरुवात करून सांगणार? शेवटी सरळ म्हणालो, "आत्या, ही नापास झाली ती हिची चूक नाही. मी चुकीचं शिकवलं होतं. हिनं मी शिकवलं तेच लिहिलं."

"ही तर म्हनली, माजंच चुकलं."

"खोटं बोलली. माझी नोकरी जाऊ नये म्हणून. तिथंही खोटं बोलली."

"आन तवा तुमी कुटं व्हताव?"

"तिथंच."

"मंग बोल्लाव कावून न्हाई?"

"भ्यालो."

म्हातारीचे हात थांबले. तिनं सुनेकडं पाहिलं. सून खाली मान घालून उभी होती, जणू पकडली गेली होती. नातीनं लोकरीचा एक पुंजका उचलून फुंकला. मला वाटलं, आता ही म्हातारी मला चार शिव्या देईल, आणि खरं सांगतो, मी त्या शिव्या घ्यायलाच आलो होतो. शिव्या खाल्ल्या असत्या की मोकळं होऊन परतीची जीप धरली असती.

"पुना परीक्षा कवा हाय?" तिनं विचारलं.

"दिवाळीनंतर. आता तिला सगळं येतं. मी पोटतिडकीनं शिकवीन. फक्त तेवढे महिने तिला राहू द्या."

"मेंढरं थांबत न्हाईत, मास्तर."

"एखादं माणूस मिळणार नाही का कामाला?"

"मिळालं अस्तं तर हिला कशाला न्यायची व्हती?" म्हातारीनं पुन्हा विंचरायला घेतलं. चार-पाच वेळा हात फिरवला. मग सुनेकडं न बघताच म्हणाली, "तू ऱ्हा. पोरीला संगं घिऊन जात जा कालेजात. औंदा म्या जाते मेंढरामागं."

सून पुढं झाली. "आत्या, तुमचे गुडगे…"

"माज्या गुडग्याचं मला म्हाईत."

उठताना तिनं दोन्ही हात जमिनीला लावले, मग बाभळीच्या खोडाचा आधार घेतला, आणि तरी सरळ व्हायला तिला वेळ लागला. मी घाईघाईनं म्हणालो, "नाही, नाही, तुम्ही नका जाऊ. या वयात आठ महिने रानोमाळ चालायचं, उघड्यावर राहायचं. हे मी सांगायला आलो नव्हतो."

"मंग कोन जाईल?" म्हातारी म्हणाली. "तुमी जाताव?"

तिनं ते टोमणा म्हणून म्हटलं नव्हतं. ती खरंच विचारत होती, आणि मी काय म्हणतो ते ऐकायला उभी राहिली होती.